पतंगाचे पंख आणि एकट्याचा सिनेमा

मागच्या व्याख्यानानंतर एका तरुण श्रोत्यानं विचारलं होतं, "सर, लेखन, चित्रीकरण, संकलन, सगळं मी एकट्यानंच केलं, तर तो लघुपट पूर्णपणे माझाच ना?" प्रश्न साधा नाही. आज त्यासाठी 'मॉथलाइट' घेऊ.

स्टॅन ब्रॅकेज या अमेरिकन दिग्दर्शकानं १९६३ साली केलेला, चार मिनिटांहूनही छोटा मूकपट. यात कॅमेराच वापरलेला नाही! दिव्याशी येऊन मेलेले पतंग, पाकळ्या, गवताची पाती हे सगळं त्यानं फिल्म जोडायच्या पारदर्शक चिकटपट्टीच्या दोन थरांत दाबून बसवलं. कच्ची फिल्म घ्यायला पैसे नव्हते, हेही एक कारण होतंच.

आता बघा, १६ मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात ४० चौकटी बसतात. म्हणजे एक चौकट जेमतेम साडेसात मिलिमीटर उंच. पंख त्याहून लांब असला की तो दोन-तीन चौकटींवर पसरतो, आणि पडद्यावर त्याचे तुकडेच एकामागून एक येतात. कोणता पंख कुठे लावायचा हे ब्रॅकेजनं ठरवलं, पण तो किती वेळ दिसणार हे पंखाच्या लांबीनं ठरवलं. हात एकट्याचे, निर्णय मात्र वाटून घेतलेले.

या चित्रपटात वस्तूची प्रतिमा नसून खुद्द वस्तूच दिसते, असं कौतुकानं म्हटलं जातं. मला ते पटत नाही. मूळ पट्टीवरून प्रयोगशाळेत प्रिंट काढावी लागली. आपण पाहतो तो पंख नव्हे. पंखातून आरपार गेलेल्या प्रकाशाची फिल्मवर उमटलेली खूण. कॅमेरा नाही, छायाचित्रण आहेच. मेलेले पतंग पुन्हा उडतात, हेही मला मान्य नाही. ती फडफड प्रोजेक्टरची आहे. पतंग मेलेलेच राहतात, आणि ज्या प्रकाशापायी ते मेले त्यानंच आपल्याला दिसतात. यानं चित्रपट लहान होत नाही. उलट मला तो इथेच अस्वस्थ करतो.

मी एकदा मध्येच थांबवून पाहिला, बरं का. शिरा स्वच्छ दिसल्या, सिनेमा मात्र गेला. तेव्हा आज न थांबवता पाहू. जरा दिवे घालवता का कोणी?