हलगी, तबला आणि ड्रम

बीड जिल्ह्यातील आमच्या गावात माझ्या लहानपणी हलगी वाजे ती दुसऱ्याच्या दारात. लग्न असो, मयत असो, पोळा असो. सांगावा आला की मांगवाड्यातील म्हातारा उठे, जाळावर कातडे तापवी आणि पायरीच्या खाली उभा राहून वाजवी. त्याच्या वाजवण्याला कोणी कला म्हटले नाही. ते ‘काम’ होते आणि त्याचे मोल पसाभर धान्य होते.

त्रिलोक गुर्टू यांचे वादन ऐकताना मला तो म्हातारा आठवतो. गुर्टूंचा जन्म मुंबईचा, १९५१ चा. आई शोभा गुर्टू ठुमरीच्या थोर गायिका, आजी मेनकाबाई शिरोडकर नर्तकी. नाचगाण्यावर जगणाऱ्या स्त्रियांना प्रतिष्ठितांनी ऐकले, पण मान दिला नाही. त्याच घरातील लेकीला २००२ साली पद्मभूषण मिळाले. म्हणजे हलकेपणा कलेत नसतो, तो पाहणाऱ्याच्या नजरेत असतो.

गुर्टू लहानपणी तबला शिकले आणि पुढे जॅझकडे वळले. कॉलिन वॉलकॉट यांचे १९८४ साली अपघाती निधन झाल्यावर ‘ओरेगॉन’ या वाद्यवृंदात त्यांची जागा गुर्टूंनी घेतली. नंतर जॉन मॅक्लॉफ्लिन यांच्याबरोबर वाजवले. १९८८ च्या ‘उस्फ्रेट’ या पहिल्या स्वतंत्र ध्वनिमुद्रिकेत त्यांनी आईचा आवाज घेतला. ते स्टुलावर न बसता जमिनीलगत बसून ड्रम वाजवतात, झांजा पाण्याच्या बादलीत बुडवून स्वर वाकवतात, तोंडाने बोल म्हणतात. परक्या वाद्यापुढे त्यांनी आपली बैठक बदलली नाही, वाद्यालाच खाली उतरवले. त्यांचे खरे कर्तृत्व मला यात दिसते.

प्रस्थापित समीक्षक याला ‘पूर्व-पश्चिम संगम’ म्हणून मोकळे होतात. मला हे अपुरे वाटते. जॅझचा ड्रम अमेरिकेतील काळ्या माणसांनी घडवला. १७३९ च्या गुलामांच्या उठावानंतर दक्षिण कॅरोलिनाने १७४० साली कायदा करून गुलामांना ढोल वाजवण्यास बंदी केली. ढोल बोलतो, हे मालकांना ठाऊक होते. तिथे ढोल हिसकावून घेतला. इथे तो आमच्या गळ्यात अडकवला. दोन्हीकडे वाजवणाऱ्याची मर्जी कोणी विचारली नाही.

म्हणूनच आमच्या वडीलधाऱ्यांनी हलगी खुंटीला टांगली, ते योग्यच केले. तो नकार कलेला नव्हता, वेठीला होता. मात्र गुर्टूंचा दाखला देऊन ‘तुम्हीही हलगी जगभर न्या’ असा उपदेश कोणी करू नये. तबल्याला घरात गुरू होता, गादी होती, तिकीट काढून येणारा श्रोता होता. हलगीला यातले काय मिळाले?

मागे एका विद्यार्थ्याने मला विचारले, “सर, जयंतीच्या मिरवणुकीत मी हलगी वाजवली तर चालेल का?” मी त्याला उलट विचारले, “तुला कोणी बोलावले? नाही म्हणता येते का?” तो म्हणाला, “मीच ठरवले.” मग वाजव, असे मी त्याला सांगितले.

कार्यकर्त्यांनी आणि शिक्षकांनी हीच कसोटी हाती धरावी. वाद्य कोणते, हा प्रश्न दुय्यम आहे. वाजवणाऱ्याला नकाराचा हक्क आहे काय, हे आधी पाहावे. तो हक्क हाती असेल तर हलगीचीही समीक्षा होईल, आणि ती आपल्यालाच लिहावी लागेल.