नाव राहिले, माणूस गेले

मराठी दूरचित्रवाणी मालिकांवर आपल्याकडे लिहिले जाते त्यात थट्टा पुष्कळ असते. भरजरी साड्या, दाराआडची कारस्थाने, एका जिन्यावरून उतरायला लागलेले तीन भाग. ही थट्टा खोटी नाही, पण तिच्यामुळे मालिकेच्या लेखनाकडे लेखन म्हणून पाहायचे राहून जाते. प्रस्तुत लेखात मी एकच प्रश्न घेतला आहे. चालू मालिकेतून प्रमुख पात्र साकारणारा कलावंत निघून गेला, तर लेखक त्या पात्राचे काय करतो? त्याला मारता येते, परगावी पाठवता येते, किंवा दुसरा चेहरा आणून त्याच नावाने उभा करता येतो. मराठीत हा तिसरा मार्ग इतका रुळला आहे की त्याला कुणी ‘पात्र काढून टाकणे’ म्हणतच नाही. माझे म्हणणे असे की पुष्कळदा तेच घडलेले असते, फक्त निरोप न देता.

‘झी मराठी’वर जुलै 2019 मध्ये ‘अग्गंबाई सासूबाई’ सुरू झाली. आसावरी ही विधवा, सासऱ्यांच्या धाकात आणि मुलाच्या लाडात आयुष्य घालवलेली. मुलगा सोहम, म्हणजे महाराष्ट्राला ठाऊक झालेला ‘बबड्या’. त्याची बायको शुभ्रा स्पष्ट बोलणारी, सासूचे एकटेपण ओळखणारी. मुलाचा विरोध असताना ही सून आपल्या सासूचे लग्न शेफ अभिजित राजे यांच्याशी लावून देते. सासू-सुनेच्या भांडणावर पोसलेल्या माध्यमात ही कल्पना खरोखर नवी होती आणि तिचा सगळा भार शुभ्रावर होता. निवेदिता सराफ यांची आसावरी लोकांना आवडली, पण तिला हलवणारा हात शुभ्राचा होता.

मार्च 2021 मध्ये ही मालिका थांबली आणि लगेच ‘अग्गंबाई सूनबाई’ सुरू झाली. घर तेच, नावे तीच, काळ काही वर्षे पुढे. तेजश्री प्रधान यांच्या जागी उमा पेंढारकर आल्या, आशुतोष पत्की यांच्या जागी अद्वैत दादरकर आले. आजोबांचे काम करणारे रवी पटवर्धन डिसेंबर 2020 मध्ये निवर्तले होते. त्या खुर्चीत मोहन जोशी बसले. एका घरातली तीन माणसे एकदम बदलली. आता आसावरी व्यवसाय सांभाळते आणि शुभ्रा बुजरी, मुलात आणि घरात अडकलेली, स्वतःसाठी बोलायला कचरणारी.

इथे मला थांबावेसे वाटते. चेहरा बदलला याची तक्रार नाही. उमा पेंढारकर यांनी वाट्याला आलेले काम नीट केले. तक्रार अशी की सासूचे लग्न लावणारी मुलगी अशी कशी झाली, हे कुणी लिहिलेच नाही. ते लिहिले असते तर ती मालिका मोठी झाली असती. लग्नानंतर काही वर्षांत हुशार, बोलक्या मुली गप्प होत जातात, ही आपल्या घराघरांतली गोष्ट आहे. वाशीमला माझ्या ओळखीतल्या निदान चार घरांत मी ती पाहिली आहे. पण तो प्रवासच काळाच्या उडीत गिळला गेला. उडीच्या अलीकडे एक बाई, पलीकडे दुसरी, आणि दोघींना एकच नाव. पहिली शुभ्रा मालिकेतून गेली. तिचे जाणे कुणाला दिसले नाही, एवढेच.

यावर नाटकवाले म्हणतील, आमच्याकडे तर हे नेहमीचेच. खरे आहे. ‘नटसम्राट’ 1970 साली डॉ. श्रीराम लागूंनी उभे केले, पुढे दत्ता भट आणि इतरांनी ते केले. बेलवलकर बेलवलकरच राहिले. ‘तो मी नव्हेच’मधला प्रभाकर पणशीकरांचा लखोबा पुढे गिरीश ओक यांनी केला, आणि हेच ओक ‘सासूबाई’तले अभिजित राजे. पण नाटकाची संहिता नटाच्या आधी असते. नट बदलला तरी वाक्ये जागची हलत नाहीत. मालिकेची संहिता रोज लिहिली जाते. आठवड्याला टीआरपी येतो, कथा वळते, आणि लेखक नटीचा आवाज, तिचा थांबा, तिचा राग ऐकून पुढचा प्रसंग लिहितो. तिथे पात्र आधी आणि नट मागून असे नसते. म्हणून नटी गेली की लेखकाच्या हातात नाव उरते, बाकीचे त्याला पुन्हा कमवावे लागते.

कथा बदलण्याचा अधिकार लेखकाला किती, हा प्रश्न जुना आहे, आणि त्याच्या उत्तराचा एक धागा आमच्या गावात आहे. वाशीम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म, वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. त्या शाखेचा मूळपुरुष सर्वसेन याने प्राकृतात ‘हरिविजय’ हे काव्य रचले. सत्यभामेसाठी कृष्णाने पारिजात आणल्याची ती कथा. काव्य आज मिळत नाही, पण नवव्या शतकात काश्मीरच्या आनंदवर्धनाने ‘ध्वन्यालोका’त त्याचे नाव घेतले आहे, तेही कालिदासाच्या रचनांच्या शेजारी. मुद्दा असा, की परंपरेने आलेल्या कथेत रसाला प्रतिकूल काही असेल तर कवीने ते टाकावे आणि रसाला पोषक असे नवे कल्पून घ्यावे. नुसती घटना पुढे ढकलणे हे कवीचे काम नव्हे. म्हणजे बदलाला मुभा आहे, पण ती रसासाठी. आपल्याकडे बदल होतो तो करार संपला, तारखा जुळल्या नाहीत, वाहिनीला नवे नाव हवे झाले म्हणून. ही कारणे खोटी नाहीत. त्यांतून रस निर्माण करणे हे लेखकाचे काम, आणि तिथेच तो हात टेकतो.

‘माझ्या नवऱ्याची बायको’ (2016 ते 2021) हे उलट बाजूचे उदाहरण. शनायाचे काम करणाऱ्या रसिका सुनील 2018 मध्ये गेल्या, ईशा केसकर आल्या, 2020 मध्ये रसिका परतल्या. मालिकेला ओरखडाही उठला नाही, कारण शनाया ही व्यक्तीपेक्षा नमुना होती: लाडावलेली, आळशी, दुसऱ्याच्या नवऱ्यावर हक्क सांगणारी. नमुन्याचा चेहरा बदलता येतो. राधिकाचा बदलता आला असता का? अनिता दाते यांच्या तोंडची नागपुरी बोली आमच्या वऱ्हाडीपेक्षा थोडी निराळी, आणि इथले कान तिच्यातल्या चुका काढत. पण ‘करून राहिले’, ‘जाऊन राहिले’ हे रोज रात्री साऱ्या महाराष्ट्राने ऐकले, आणि ते बोलणारी बाई नोकर किंवा विनोदी पात्र नव्हती, नायिका होती. दुसरी नटी आणली असती तर मसाल्यांचा धंदा तसाच चालला असता, पण ती भाषा पुन्हा शून्यातून उभी करावी लागली असती.

जानेवारी 2022 मध्ये ‘मुलगी झाली हो’मधून किरण माने यांना काढले गेले आणि जाहीर वाद पेटला. दोन्ही बाजूंनी सांगितलेली कारणे वेगळी होती. त्यांचा निवाडा हा या लेखाचा विषय नाही. पण नको असलेल्या मुक्या मुलीच्या बापाचे मन पालटणे हा त्या मालिकेचा गाभा होता, आणि त्या गदारोळात विलास पाटील या बापाचे आता काय होणार हा प्रश्न अगदीच मागे पडला. नटाच्या बाजूने आणि विरोधात माणसे उभी राहिली, पात्राच्या बाजूने क्वचितच कुणी.

पात्राला मारणे निदान प्रामाणिक असते. कॉनन डॉयलने 1893 मध्ये शेरलॉक होम्सला दरीत ढकलले. पुढे वाचकांसाठी 1903 मध्ये त्याला जिवंत परत आणले, तेव्हा तो वाचला कसा याची एक गोष्ट त्याला लिहावी लागली. ‘क्योंकि सास भी कभी बहू थी’मध्ये मिहीरला मारले तेव्हा प्रेक्षकांनी इतका आकांत केला की त्याला परत आणणे भाग पडले. पुढे त्याचा चेहरा दोनदा बदलला, त्यावर मात तसा आकांत झाला नाही. मरणावर लोक रडतात. चेहऱ्याच्या बदलाची सवय दोन आठवड्यांत होते. वाहिन्यांना हे पक्के ठाऊक आहे.

चौथी तऱ्हाही आहे. ‘तारक मेहता का उल्टा चष्मा’ या 2008 पासूनच्या मालिकेत दिशा वकानी 2017 मध्ये बाळंतपणाच्या रजेवर गेल्या आणि त्यानंतर दयाबेनची जागा रिकामीच राहिली. ती मेली नाही, बदलली नाही, माहेरी आहे. जेठालाल तिची वाट पाहतो, घरातले तिचे नाव घेतात. विनोदी मालिकेत हे विचित्र दिसते, आणि निर्मात्यांनी ते काही कलेच्या हौसेने केले नसावे. तरी तिथे निदान एवढे कबूल केले जाते, की या घरात एक बाई होती आणि आता ती दिसत नाही.