मातीतला चेहरा : इसामु कोसुगी

जपानी सिनेमा म्हटलं की आपल्याकडे कुरोसावा आणि ओझू यांच्यापाशीच गाडी थांबते. इसामु कोसुगी हे नाव कोणी घेत नाही. आम्हीही त्याच्याकडे उशिराच वळलो, आणि वळलो ते थोड्या अस्वस्थपणेच.

१९३७ साली जर्मन दिग्दर्शक आर्नोल्ड फांक याच्या जपान-जर्मनी सहनिर्मितीत कोसुगी सेत्सुको हाराचा नायक झाला. शेवटी तो मांचुरियात शेती करतो आणि बाजूला सैनिक पहारा देतो. एवढ्या उघड प्रचाराबद्दल जास्त बोलायला नको. खरा पेच १९३८ च्या ‘पाच टेहळे’मध्ये आहे. तोमोताका तासाकाचा हा चित्रपट चीनच्या आघाडीवर घडतो. पाच जण टेहळणीला जातात, चार परततात. मग सुरू होते ती वाट पाहणं. कोसुगी इथे तुकडीचा नायक आहे. मोठ्यानं बोलणं नाही, छाती काढून चालणं नाही. घरातला कर्ता माणूस पोर उशिरापर्यंत आलं नाही की जसा गप्प होतो, तसा तो गप्प. पाचवा परततो, सगळे हरखतात, आणि लगेच चढाईचा हुकूम येतो.

आता प्रश्न असा, की याला युद्धप्रचार म्हणायचं का? रूथ बेनेडिक्टनं १९४६ च्या पुस्तकात नोंदवलंय की असे जपानी चित्रपट अमेरिकन प्रेक्षकाला युद्धविरोधीच वाटतील. आमचं मत वेगळं आहे. चिनी माणूस या चित्रपटात माणूस म्हणून जवळजवळ नाहीच. कोसुगीचा चेहरा इतका आपला वाटतो, की ही माणसं परक्या मुलखात काय करतायत, हे विचारायचंच राहून जातं. वाईट नट असता तर हे साधलं नसतं!

पुढच्याच वर्षी, १९३९ मध्ये, तो ‘माती आणि सैनिक’मध्ये चिखल तुडवत चालणारा कॉर्पोरल झाला. चालणं, चालणं आणि चालणंच. पाहणाऱ्याचे पाय दुखावेत इतकं. त्याच साली तोमु उचिदाच्या ‘माती’त तो कर्जात बुडालेला कुळवाडी कांजी होता. दोन्हीकडे खांदे तेच, वाकणंही तेच. आम्हाला यातली ‘माती’तली भूमिका थोर वाटते, कारण तिथे त्याच्या कष्टाला कोणी पवित्र म्हणत नाही. कांजी चिडखोर आहे, सासऱ्याशी कोता वागतो. सैनिकाला असं कोतं होण्याची मुभा नव्हती.

१९३९ च्याच चित्रपट कायद्यानं नटांनाही सरकारदरबारी नोंदणी सक्तीची केली. युद्धानंतर कोसुगी दिग्दर्शनाकडे वळला, १९८३ मध्ये वारला. ‘माती’ची जुनी प्रत जर्मनीत सापडली, तीही अपुरी. जर्मन अक्षरांवरच्या त्या अंधुक चौकटीत कांजी अजून जमीन खणतोय. आज आपण तोच तुकडा पाहणार आहोत. मागचे दिवे जरा मालवा.