‘कॉल ऑफ ड्यूटी’ची सूची आणि कल्याणचा तळ

मालिका हा रचनाप्रकार मराठी समीक्षेने दीर्घकाळ लोकप्रिय वाङ्मयाच्या खात्यावर टाकून दिलेला आहे. बाबूराव अर्नाळकरांच्या हजाराहून अधिक रहस्यकथांची नोंद होते ती बहुधा वाचनाची गोडी लावणारे लेखक म्हणून. त्या कथा ज्या मालिकातत्त्वावर उभ्या आहेत, त्याचा विचार क्वचितच होतो. वास्तविक मालिका म्हणजे अनेक कृतींची बेरीज नव्हे. कोणती गोष्ट पुन्हा येते, कोणती बदलते आणि कोणती कधीच येत नाही, या तीन प्रश्नांच्या उत्तरांतून मालिकेचा अर्थ घडतो. म्हणून मालिकेची सूची हीच एक संहिता मानून वाचता येते. ज्या कथनप्रकारात ही गोष्ट आज सर्वांत ठळकपणे दिसते, तो छापील नाही. तो पडद्यावरचा युद्धखेळ आहे आणि ‘कॉल ऑफ ड्यूटी’ ही त्याची प्रातिनिधिक मालिका होय.

या मालिकेचा पहिला खेळ २००३ साली प्रसिद्ध झाला. निर्मिती इन्फिनिटी वॉर्ड या संस्थेची, प्रकाशन ॲक्टिव्हिजनचे. २००५ पासून २०२५ पर्यंत प्रत्येक वर्षी एक याप्रमाणे मुख्य मालिकेत बावीस खेळ झाले. एवढा नियमित क्रम एका संस्थेला राखता येण्याजोगा नव्हता. ट्रेयार्क ही दुसरी आणि पुढे स्लेजहॅमर ही तिसरी संस्था त्यात आली व २०१४ पासून तिघींनी पाळीपाळीने खेळ रचावेत अशी व्यवस्था झाली. २०२३ साली मायक्रोसॉफ्टने सुमारे ६९ अब्ज डॉलरला ॲक्टिव्हिजन ब्लिझर्ड ही कंपनी विकत घेतली, त्या व्यवहारात ही मालिका हे मोठे आकर्षण होते. हा तपशील अर्थकारणाचा दिसला तरी तो रचनेचाही आहे. दरवर्षी नवे युद्ध हवे असेल तर मागचे युद्ध पूर्ण संपून चालत नाही. त्याचे परिणाम पुढे आले तर नव्या युद्धाला आरंभच करता येणार नाही.

सूचीवरून नजर फिरवली तरी हे तत्त्व दिसते. पहिले तीन मुख्य खेळ दुसऱ्या महायुद्धाचे. २००७ साली ‘मॉडर्न वॉरफेअर’ने मालिका समकालीन युद्धाकडे वळवली. २००८ साली पुन्हा महायुद्ध, २०१० साली शीतयुद्ध, २०१२ साली २०२५ हे वर्ष कल्पिलेला भविष्यकाळ, २०१६ साली अंतराळ, २०१७ आणि २०२१ साली पुनश्च महायुद्ध. २०१२ सालच्या खेळाने कल्पिलेले भविष्य आता मागे पडले आहे, पण त्याने मालिकेला काही बाधा आली नाही. २०१९, २०२२ आणि २०२३ या वर्षी तर २००७, २००९ आणि २०११ सालचीच नावे पुन्हा वापरली गेली. जुन्या दुसऱ्या व तिसऱ्या भागाला साधा अंक होता, नव्याला रोमन अंक आला, एवढाच फरक. पात्रे तीच, पण त्यांचा पूर्वेतिहास पुसून नव्याने लिहिलेला. ज्या सूचीत एकच नाव दोनदा येते आणि दुसरे पहिल्याला रद्द करते, तिला इतिहास म्हणता येत नाही. इतिहासाची वेशभूषा मात्र तिच्याजवळ विपुल आहे.

मालिकेत स्थिर काय राहते? अर्नाळकरांच्या मालिकेत झुंजार किंवा काळा पहाड ही नावे स्थिर असतात आणि गुन्हे बदलतात. ‘कॉल ऑफ ड्यूटी’त उलट घडते. खेळाडू ज्याच्या डोळ्यांनी पाहतो तो सैनिक खेळागणिक, अनेकदा एकाच खेळातही, बदलतो. स्थिर राहते ते दृष्टीचे स्थान : पडद्याच्या खालच्या कडेला दोन हात, त्या हातांत शस्त्र आणि समोर लक्ष्य. हा प्रथमपुरुषी निवेदक बहुतेक वेळा बोलत नाही. त्याला इतर लोक नावाने हाक मारतात आणि आज्ञा देतात. त्याचा ‘मी’ हा आत्मचरित्रातल्या ‘मी’सारखा भूतकाळाने भरलेला नसतो, तो केवळ एक मोक्याची जागा असतो. वारंवार भेटणारा कॅप्टन प्राइस हाही याला अपवाद नाही. २००३ सालच्या खेळात १९४४ मधील एका जर्मन युद्धनौकेवर तो मरतो आणि २००७ सालच्या खेळात आधुनिक ब्रिटिश पथकात तेच आडनाव, तशाच मिशा घेऊन उभा राहतो. तो पात्र नव्हे, पदनाम आहे.

नॉर्वेजियन अभ्यासक एस्पेन आर्सेथ यांनी १९९७ साली मांडलेल्या विचाराप्रमाणे अशा संहितांत वाचकाला केवळ अर्थ लावून भागत नाही, संहिता पुढे सरकावी म्हणून त्याला प्रत्यक्ष श्रम करावे लागतात. प्रस्तुत मालिकेत हा श्रम मुख्यतः नेम धरण्याचा आहे. ज्या कृतीने कथा पुढे जाते तीच कृती त्या कथाविश्वात अर्थपूर्ण ठरते. बाकीचे सारे दोन चकमकींमधला दुवा होऊन राहते. २०१८ सालच्या खेळाने नेहमीची एकट्याने खेळण्याची कथाच वगळली आणि मुख्यतः परस्परांविरुद्धचे सामने ठेवले. त्यामुळे दुवेही गळून पडले आणि मालिकेचे शुद्ध रूप उघडे झाले.

या व्याकरणात मृत्यूचे काय होते हा समीक्षेच्या दृष्टीने कळीचा प्रश्न आहे. आरंभीच्या खेळांत सैनिक मेला की पडद्यावर युद्धाविषयी एखाद्या विचारवंताचे वा सेनानीचे वचन उमटत असे. त्यांपैकी कित्येक वचने युद्धाचा निषेध करणारी होती. क्षणभर ते वचन दिसे आणि सैनिक मागच्या टप्प्यापासून पुन्हा धावू लागे. निषेधाचे वचन आणि पुन्हा मिळालेला जीव एकाच पडद्यावर आल्यावर वचनातले गांभीर्य टिकत नाही. तो थांब्यावरचा फलक होतो. तुळशीदास शाहिराच्या पोवाड्यातला तानाजी सिंहगडावर एकदाच पडतो, आणि एकदाच पडतो म्हणून पोवाडा आहे. महाभारताने तर युद्धाची पर्वे संपल्यावर स्त्रीपर्व आणि शांतिपर्व यांना स्वतंत्र स्थान दिले. रणात पडलेल्यांचे देह स्त्रियांनी ओळखावेत आणि जिंकलेल्या राजाने विजयाने विषण्ण व्हावे, यावाचून ते काव्य युद्धाची कथा पूर्ण मानत नाही. ‘कॉल ऑफ ड्यूटी’च्या बावीस खेळांत अनेक भीष्मपर्वे आहेत; स्त्रीपर्वाची जागा पुढच्या वर्षीच्या खेळाने घेतलेली आहे.

ही मालिका आत्मपरीक्षणाला सर्वथा पारखी आहे असे म्हणणे मात्र अन्यायाचे ठरेल. २००७ सालच्या खेळात अणुस्फोटानंतर एक अमेरिकन सैनिक कोसळलेल्या हेलिकॉप्टरातून सरपटत बाहेर येतो. खेळाडूच्या हाती त्याला हलवण्याची शक्ती उरते, पण काहीही साधण्याची शक्ती उरत नाही. तो तिथेच मरतो आणि कथा त्याला परत आणत नाही. त्याच खेळात विमानातून करड्या पडद्यावर माणसे पांढऱ्या ठिपक्यांसारखी टिपावी लागतात आणि सहकाऱ्यांचा निर्विकार आवाज कानी पडत राहतो. अशा जागी हे रूप स्वतःच्या मर्यादेला स्पर्श करते. पण २०१९ सालच्या खेळाने एका कल्पित देशातील ‘मृत्यूचा महामार्ग’ रशियनांच्या माथी मारला. ते नाव ज्या रस्त्याचे आहे त्यावर १९९१ साली अमेरिकेच्या नेतृत्वाखालील फौजांनी कुवेतमधून माघार घेणाऱ्या इराकी ताफ्यावर बॉम्बहल्ले केले होते. आत्मपरीक्षणाचे क्षण सूचीच्या गतीत अशा रीतीने वाहून जातात.

या सूचीचे वाचन कल्याणमधून करू लागल्यास आणखी एक गोष्ट ध्यानात येते. मालिका ज्या महायुद्धाकडे सहा वेळा परतली ते युद्ध या गावाच्या वेशीपर्यंत आलेले होते. त्या काळात कल्याणलगत ब्रिटिश सरकारने सैन्याचा मोठा संक्रमण तळ वसवला. रेल्वेचे जंक्शन आणि मुंबई बंदराचे सान्निध्य यांमुळे सैनिकांना उतरवून घेण्यास, ठेवण्यास व पुढे धाडण्यास ही जागा सोयीची होती. फाळणीनंतर त्याच बराकींत सिंधमधून आलेल्या निर्वासितांना आसरा मिळाला आणि १९४९ साली कल्याण कॅम्पचे नाव उल्हासनगर झाले. तेथील वस्त्या आजही कॅम्प नंबर एक ते पाच अशाच ओळखल्या जातात. युद्धाचे हे रूप तळाचे आहे, आघाडीचे नव्हे : थांबणे, मोजले जाणे, रवाना होणे, परतणे, आणि एका युद्धाने रिकाम्या केलेल्या बराकीत दुसऱ्या उत्पाताने हाकललेल्या माणसांनी चूल मांडणे. बाख्तीनची संज्ञा वापरायची तर तळ हा स्वतंत्र कालावकाश आहे. ‘कॉल ऑफ ड्यूटी’त त्याला कथेचे स्थान नाही, तेथे तळ म्हणजे शस्त्र निवडण्याची खोली.

तळ जसा वगळला गेला तसा तळावरचा सैनिकही. दुसऱ्या महायुद्धात सुमारे २५ लाख भारतीय स्वेच्छेने भरती झालेल्या सैन्यात होते; त्यांपैकी ८७ हजारांहून अधिक मृत्यू पावले. १० जुलै १९४४ रोजी इटलीत वरच्या टायबर खोऱ्यात मराठा लाइट इन्फन्ट्रीचे नाईक यशवंत घाडगे यांच्या तुकडीतील इतर सर्वजण शत्रूच्या माऱ्यात पडले, तेव्हा त्यांनी एकट्याने मशीनगनच्या मोर्च्यावर चाल करून तो घेतला आणि नंतर लपलेल्या नेमबाजांच्या गोळ्यांनी ते मरण पावले. ९ एप्रिल १९४५ रोजी सेनिओ नदीवर त्याच पलटणीचे शिपाई नामदेव जाधव यांनी दोन जखमींना नदीपार नेले, मग मशीनगनचे मोर्चे नष्ट केले. दोघांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. एकट्याने मोर्चा जिंकणे ही या मालिकेची लाडकी घटना, तरीही इटलीतील त्या मोहिमेला मुख्य मालिकेत कथेचे केंद्र लाभले नाही. २००५ सालच्या दुसऱ्या खेळात खेळाडू ब्रिटिश सैनिक होऊन ट्युनिशियातील मातमाता येथे लढतो. मार्च १९४३ मध्ये त्याच डोंगराळ मुलखातून चौथ्या भारतीय डिव्हिजनने वाट काढली होती. भूगोल उचलला गेला, माणसे राहिली.

हा अभाव एखादे पात्र जोडल्याने भरून निघेल काय? २०२१ सालच्या ‘व्हॅनगार्ड’मध्ये सामन्यांसाठी निवडता येणाऱ्या सैनिकांत पद्मावती बालन ही भारतीय स्त्री आहे. पण निवडता येणे म्हणजे कथा लाभणे नव्हे; तिचे भारतीयत्व हा पेहराव ठरतो, कारण तिच्या हातून घडणारी कृती इतर कोणाच्याही हातून घडणारी तीच कृती असते. २०११ सालच्या खेळात हिमाचल प्रदेश येतो तो परदेशी नायकांची लपण्याची जागा म्हणून. घाडग्यांना उद्या एखाद्या खेळाचा नायक केले तरी त्यांचे मरण पुनरारंभाच्या नियमातच बसवावे लागेल. शिवाय दुसऱ्याच्या साम्राज्यासाठी लढणाऱ्या सैनिकाच्या मनातले दुभंगलेपण हे नेम धरण्याच्या कृतीतून व्यक्त होण्यासारखे नाही. प्रश्न प्रतिनिधित्वाचा आहेच, परंतु त्याआधी तो रूपाचा आहे.

देशी निर्मितीने हे रूप बदलले असेही दिसत नाही. २६ जानेवारी २०२१ रोजी आलेल्या बंगळूरच्या ‘फौजी’ने गलवानचे खोरे निवडले, प्रत्यक्ष संघर्ष बंदुकांविना झालेला असल्याने आरंभी त्यात मुठी आणि दंडुकेच होते. वास्तवाच्या आग्रहाने रूपाला दिलेला हा छोटासा धक्का लक्षणीय होता. पुण्याच्या सुपरगेमिंगने २०२४ साली आणलेल्या ‘इंडस’ने भारतीय संस्कृतीच्या खुणांनी सजलेले कल्पित विश्व उभे केले, पण त्यातील सामना शेवटचा एक उरेपर्यंत मारण्याच्या प्रचलित संकेतावरच चालतो. नावे आपली आणि व्याकरण परके, ही स्थिती मराठी कादंबरीला तिच्या आरंभकाळापासून परिचयाची आहे.

याउलट विश्राम बेडेकरांच्या ‘रणांगण’कडे पाहावे. १९३९ साली, महायुद्धाच्या उंबरठ्यावर आलेल्या या कादंबरीचे नाव युद्धभूमीचे, पण तिच्यात घडतो तो युरोपहून परतणाऱ्या बोटीवरचा प्रवास. मुंबईला उतरणारा चक्रधर आणि उतरायला भूमी नसलेली ज्यू हॅर्टा यांच्या संबंधात येऊ घातलेल्या युद्धाचे सारे क्रौर्य साठले आहे. तेथे तोफ धडाडत नाही; संक्रमणाचा अवकाशच रणांगण होतो. कल्याणच्या तळाचे युद्ध सांगण्याची रीत मराठीत अशी आधीच सिद्ध आहे. खेळ या माध्यमाला ती अशक्य आहे असे मानण्याचे कारण नाही; नेम धरण्याऐवजी वाट पाहणे, ओळखणे, निरोप देणे या कृतींनी पुढे सरकणारी संहिता रचता येईल. मात्र तिचा वार्षिक भाग निघू शकणार नाही, कारण तिला शेवट असेल.

२०१९ पासून ही मालिका मोबाइलवरही आली आणि कल्याणहून मुंबईकडे जाणाऱ्या लोकलमध्ये उभ्याने खेळता येण्याइतकी जवळची झाली. ज्या पिढीला महायुद्ध प्रथम भेटते ते या पडद्यावर, तिला नॉर्मंडीचा किनारा ठाऊक असतो आणि विठ्ठलवाडीच्या पुढे लागणाऱ्या बराकी कोणासाठी बांधल्या होत्या हे ठाऊक नसते. याचा दोष खेळणाऱ्याचा नाही. सूची जे पुन्हा पुन्हा दाखवते ते स्मृती होते आणि सूची जे वगळते ते घडलेच नाही असे वाटू लागते. सूची वाचायला शिकवणे, म्हणजे तिच्यातल्या गाळलेल्या जागा नावानिशी दाखवणे, हे काम साहित्यसमीक्षेचे आहे. पद्धती तिच्याजवळ आहेत. त्या कोणत्या संहितांना लावायच्या, याविषयीचा संकोच तेवढा तिने सोडायला हवा.