वाटाड्याचे कथन आणि क्षेत्राचे अन्न

जुन्या शहरातून परस्थ माणसाला पायी हिंडवावे, ठरलेल्या आठ-दहा ठिकाणी थांबवावे, प्रत्येक ठिकाणी त्याला एक घास अथवा एक घोट द्यावा, आणि तो घशाखाली उतरेपर्यंत त्या जागेची हकीकत सांगावी, असा एक व्यवसाय अलीकडच्या काही दशकांत जगभर रूढ झाला आहे. नाशिकच्या आसमंतात द्राक्षमद्याचे कारखाने उभे राहिल्यापासून ह्या व्यवसायाचे एक देशी रूपही दिसू लागले आहे. सकाळी त्र्यंबकेश्वर, दुपारी पंचवटी व मिसळ, सायंकाळी द्राक्षमळा आणि वाइनची चव, असा दिवसाचा क्रम आखून दिला जातो. अर्थशास्त्र व समाजशास्त्र ह्यांचे अभ्यासक त्याचा विचार पर्यटन ह्या सदराखाली करतील. वाङ्मयाच्या अभ्यासकाला त्यात निराळाच विषय दिसावयास हवा. ह्या फेरीत विकले जाते ते अन्नापेक्षा अधिक कथन होय. तोच पदार्थ, तोच पेला कथनावाचून घेतला, तर त्यास फेरीची किंमत कोणी देणार नाही. तेव्हा वाटाड्याचे हे कथन कोणत्या जातीचे आहे, त्याचे पूर्वज कोण, आणि त्या पूर्वजांच्या कसोटीस ते उतरते काय, हे पाहणे अप्रस्तुत ठरू नये.

पूर्वजांचा शोध फार दूर करावा लागत नाही. त्र्यंबकेश्वरास परस्थाला हिंडवून, थांबवून, जेवू घालून कथा सांगणारा माणूस शतकानुशतके आहेच. तो तीर्थोपाध्याय होय. यजमान गावात आला की त्याचे गाव व कूळ विचारावयाचे, वही काढून त्याच्या पूर्वजांच्या नोंदी वाचून दाखवावयाच्या, कुशावर्तावर स्नान, देवदर्शन, श्राद्धविधी, मग पंगत. अंगात बळ असल्यास ब्रह्मगिरीची वाट अथवा प्रदक्षिणा. प्रत्येक थांब्यास एक आख्यान आणि प्रत्येक आख्यानास एक दक्षिणा. ह्या तोंडी कथनाच्या पाठीशी क्षेत्रमाहात्म्य हा ग्रंथनिविष्ट वाङ्मयप्रकार उभा आहे. स्थळाची उत्पत्तिकथा, तेथील उपतीर्थांचा क्रम, प्रत्येक ठिकाणी करावयाचा विधी आणि शेवटी फलश्रुती ही त्याची अंगे सर्वपरिचित आहेत. आधुनिक फेरीत ही चारही अंगे जशीच्या तशी आढळतात. उत्पत्तिकथा कारखान्याच्या संस्थापकाची असते. उपतीर्थांच्या जागी दुकाने व तळघरे येतात. पेला उजेडाकडे धरणे, हलविणे, हुंगणे आणि थोडेसे तोंडात घोळविणे हा विधी आचमनाइतकाच काटेकोर असतो. आणि फलश्रुतीच्या जागी निघताना बाटल्या विकत घेण्याची सोय असते. ह्या साम्यात कोणी उपहास शोधू नये. उपाध्यायालाही पोट होते, आणि दक्षिणेचा संकोच त्याने कधी बाळगला नाही. पेण परिसरातील वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७च्या धामधुमीत उत्तरेकडे गेले ते घरची ओढगस्त दक्षिणेने निवारावी म्हणूनच, आणि त्यांच्या ‘माझा प्रवास’ ह्या १९०७ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथाचा खरेपणा त्यांनी हा हेतू मुळीच लपविला नाही ह्यातच बराचसा आहे.

साम्य दाखवून थांबणे म्हणजे मात्र अर्धे काम करणे होय. प्राचीन माहात्म्य आणि आजचे कथन ह्यांतील महत्त्वाचा भेद उत्पत्तिकथेतच आहे, आणि त्र्यंबकेश्वराच्या बाबतीत तो विशेष बोचक आहे. कारण ह्या क्षेत्राची मूळ कथा अन्नाचीच कथा आहे.

शिवपुराणाच्या कोटिरुद्रसंहितेत ती विस्ताराने येते. शंभर वर्षांचे अवर्षण पडले. गौतमाने तप करून वरुणाला प्रसन्न केले व कधी न आटणारा पाण्याचा एक खड्डा मिळविला. त्या पाण्यावर त्याने धान्य पिकविले. ते पाहून इतर ऋषी सहकुटुंब तेथे राहावयास आले. एके दिवशी गौतमाचे शिष्य पाणी आणावयास गेले असता ऋषिपत्नींनी त्यांना अडविले; आधी आम्ही भरू, मग तुम्ही, असे त्यांचे म्हणणे. शिष्यांनी ते अहल्येला सांगितले, तेव्हा तिने स्वतः जाऊन पाणी आणून दिले. ऋषिपत्नींनी घरी जाऊन ह्याचा उलटा वृत्तान्त सांगितला. ऋषींनी गणेशाची आराधना करून गौतमाला येथून घालविण्याचा वर मागितला. ज्याने उपाशीपोटी जगविले त्याच्यावर उलटू नका, असे गणेशाने समजावून पाहिले, परंतु ते ऐकेनात. मग तो एका दुबळ्या गाईचे रूप घेऊन गौतमाच्या साळी-जवाच्या शेतात शिरला. गौतमाने मूठभर गवताच्या काड्यांनी तिला हाकलले. काड्यांचा स्पर्श होताच ती मरून पडली. गोहत्येचा आळ आला, गौतमाला बहिष्कृत व्हावे लागले, आणि त्या पापाच्या क्षालनासाठी त्याने शिवाची आराधना करून गंगा खाली आणविली. तीच गोदावरी. ब्रह्मपुराणातील गौतमीमाहात्म्यात कारणपरंपरा निराळी आहे. तेथे शंकराच्या जटेतील गंगेविषयी पार्वतीला वाटणारा मत्सर कथेच्या मुळाशी आहे. गाय आणि गौतम दोहोंकडे समान आहेत.

शिवपुराणातील पाठाचे वैशिष्ट्य असे की, त्यात देवांच्या मत्सराला गौण स्थान आहे. सगळे प्रकरण पाणवठ्यावरच्या पाळीवरून सुरू होते. पाणी आधी कोणी भरावयाचे, पिकविलेल्यावर अधिकार कोणाचा, जेवू घालणाऱ्याचे ऋण जेवणाऱ्यावर किती काळ राहते, आणि उपाशी जनावराला शेतातून हाकलणे हे पाप की रक्षण, हे ह्या कथेतील प्रश्न आहेत. पुराणकाराने त्यांची सोपी उत्तरे दिलेली नाहीत. गौतम निर्दोष असूनही प्रायश्चित्त घेतो, ऋषी कृतघ्न असूनही त्यांचा डाव साधतो, आणि नदी मिळते ती सर्वांनाच. कथेची ही नैतिक गुंतागुंत उत्तम दर्जाची आहे. आधुनिक वाटाड्याच्या तोंडी तिचे काय उरते? ‘गौतम ऋषींनी तप केले व गोदावरी प्रकट झाली’ इतकेच. दुष्काळ जातो, पाणवठ्यावरचे भांडण जाते, गाय जाते. उपाध्यायाच्या घाईच्या कथनातही ती पुष्कळदा गळत असे, हे मान्य केले पाहिजे. परंतु त्याच्या पाठीशी पोथी होती, आणि जिज्ञासू यजमानाला ती उघडता येत असे. फेरीच्या कथनामागे पोथी नाही. जे बोलले गेले नाही ते तेथे नाहीच.

क्षेत्रातील अन्नाविषयीही हेच घडते. त्र्यंबकच्या पंगतीचे वर्णन करताना श्राद्धाचा स्वयंपाक डोळ्यांपुढे येतो: कांदा-लसूण वर्ज्य, तांदळाची खीर, उडदाचे वडे, आमटी, कढी. ह्या पानाला स्वतःचे व्याकरण आहे. त्यात जीभ ही गौण असून ज्याच्यासाठी पान वाढले तो जेवणारच नाही, ही जाणीव मुख्य आहे. त्याला ‘सात्त्विक थाळी’ म्हणून चाखावयास देणे म्हणजे शोकगीताची चाल चांगली म्हणून ती करमणुकीस वाजविणे होय.

ह्याहूनही उद्बोधक उदाहरण भगरीचे आहे. पौष वद्य एकादशीस निवृत्तिनाथांच्या समाधीच्या यात्रेला वारकऱ्यांच्या दिंड्या त्र्यंबकेश्वरास येतात. त्या दिवशी फराळाला भगर आणि दाण्याची आमटी असते. भगर म्हणजे वरई. ती पिकते कोठे? त्र्यंबक, पेठ, सुरगाणा, इगतपुरी ह्या बाजूंच्या उतारांवर. आणि पिकविणारे बहुतांशी महादेव कोळी, ठाकर, कोकणा, वारली ह्या समाजांतील शेतकरी. त्याच उतारावर नागली पिकते. वरई उपवासाला चालते, नागली चालत नाही. दाणे, बटाटा, मिरची आणि ज्या कंदापासून साबुदाणा होतो तो कंद हे सारे अमेरिकेकडून समुद्रमार्गे आले आणि बिनतक्रार फराळात बसले. डोंगरावरची नागली मात्र बाहेर राहिली. धर्मशास्त्राच्या अभ्यासकांनी ह्याची मीमांसा जरूर करावी. येथे प्रस्तुत मुद्दा एवढाच की, डोंगरातल्या कष्टकऱ्याचे रोजचे धान्य आणि क्षेत्रातल्या व्रतस्थाचे उपवासाचे धान्य एकच आहे, आणि नाशिकच्या भगर गिरण्या ही त्या दोघांमधली वाट आहे. खाद्यफेरीला ह्याहून चांगला विषय सापडणे कठीण. आणि तरीही फेरी ह्या वाटेने जात नाही, कारण गिरणीत चाखण्यासारखे काही नसते आणि पाड्यावर मोटार उभी करण्याची सोय नसते.

वाइनकडे वळताना प्रथम एक गैरसमज दूर केला पाहिजे. तीर्थक्षेत्राच्या शेजारी मद्य म्हणजे भ्रष्टता, असा आक्षेप सोयीचा आहे; परंतु टीका म्हणून तो दुबळा आहे. द्राक्ष ह्या भूमीत उपरे असले तरी आता ते तिचे झाले आहे. ओझर येथे रावसाहेब जयराम कृष्ण गायकवाड ह्यांनी १९२५च्या सुमारास खाण्याच्या द्राक्षांची लागवड सुरू केली, असे सांगितले जाते, आणि पुढे निफाड-दिंडोरी भागातील कुणब्यामराठ्यांच्या दोन-तीन पिढ्यांनी छाटणी, कलम व औषधफवारणी ह्यांचे शास्त्र आत्मसात केले. राजीव सामंत ह्यांनी १९९९ मध्ये गंगापूरजवळ सुला ही वाइनरी स्थापन केली. शेनिन ब्लाँ व सोव्हिन्यों ब्लाँ ह्या फ्रेंच जातींच्या द्राक्षांची वाइन तिने २००० साली बाजारात आणली, आणि त्यानंतर इतर अनेक कारखाने आले. राज्यशासनाने २००१ मध्ये द्राक्षप्रक्रिया उद्योगासाठी स्वतंत्र धोरण जाहीर केले. ‘नाशिक व्हॅली वाइन’ ह्या नावाला भौगोलिक निर्देशांकाचे संरक्षणही लाभले आहे. हा खराखुरा शेतीचा इतिहास आहे, आणि त्याची कथा सांगितली जाणे योग्यच आहे.

आक्षेप घ्यावयाचा तो ती कथा ज्या शब्दांत सांगितली जाते त्यांवर. घोट घेतल्यावर वाटाड्या सांगतो की पेरूचा वास येतो, लिंबाची साल लागते, गवताची छटा आहे. ही भाषा बाहेरून आलेली असली तरी तिच्यात देशी होण्याची शक्ती आहे; पेरू तर घरचाच. पण ‘ही चव ह्या मातीची’ असे म्हटल्यावर त्या मातीचा उरलेला वृत्तान्त देण्याची जबाबदारी अंगावर येते. ह्याच मातीत मोहाची झाडे आहेत. मोहाच्या फुलांची दारू डोंगरातील समाजांच्या विधींत व सणांत होती. मुंबई अबकारी कायद्याने १८७८ मध्ये दारू गाळण्याचा व विकण्याचा हक्क सरकारी नियंत्रणाखाली आणला. पुढे १८९२च्या मोहविषयक कायद्याने ठाणे व कुलाबा जिल्ह्यांत फुलांच्या साठ्यावरही बंधन आले. आणि १९४९च्या मुंबई दारूबंदी कायद्यानंतर घरची भट्टी हा पोलिसांचा विषय झाला. एका फुलाला गुन्ह्याची भाषा मिळाली आणि एका फळाला आस्वादाची. मोहाच्या मद्यालाही वास आहे, छटा आहेत, ऋतू आहे. त्यांची परिभाषा तयार झाली नाही, ह्याचे कारण पदार्थाच्या अंगी नाही. परिभाषा कोणासाठी तयार होते हा समीक्षेचाच प्रश्न असून, रसास्वादाची परंपरा सांगणाऱ्या विद्याशाखेने तो दुसऱ्यांवर सोपवू नये.

ह्या ठिकाणी लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रां’ची आठवण होते. त्यांचे जन्मगाव जलालपूर हे नाशिकजवळचेच, गोदावरीच्या काठचे. त्यांच्या आईच्या वडिलांना १८५७च्या बंडात फाशी झाली, आणि त्या धक्क्यानंतर वडिलांच्या मनात सोवळ्याचे वेड शिरले. बाजारातून आलेला जिन्नस धुवून घेतल्याखेरीज घरात घ्यावयाचा नाही, अशी पाळी आली. लक्ष्मीबाई हे हसत हसत सांगतात. अन्नाच्या शिवाशिवीच्या मागे एक राजकीय मृत्यू उभा आहे हे त्या कोठेही समजावून सांगत बसत नाहीत. दोन्ही गोष्टी शेजारी ठेवतात, आणि वाचकाला पुरते कळते. पुढे ज्याच्या-त्याच्या हातचे अन्नपाणी घेण्याचा त्यांचा निर्णय येतो, तेव्हा त्याचे वजन ह्या सुरुवातीच्या पानांमुळेच जाणवते. अन्नकथन कसे असावे ह्याचा आदर्श नाशिकच्या परिसरातच उपलब्ध आहे. त्यात घासाची चव आहे, तो घास कोणी रांधला, कोणाला नाकारला, कोणत्या भीतीने नाकारला हेही आहे. आणि हे सारे विनोदाला धक्का न लावता. तेव्हा फेरीला मनोरंजक राहावयाचे असल्याने गंभीर हकीकत परवडत नाही, हा बचाव टिकत नाही.

फेरीच्या बाजूने एक गोष्ट मोकळेपणाने सांगितली पाहिजे. उपाध्यायाच्या पंगतीत कोणी बसावे ह्याचे नियम कडक होते, आणि वहीत नाव असण्यासाठी विशिष्ट कुळात जन्म लागे. आजच्या फेरीत पैसे भरणारा कोणीही येतो, आणि एकाच ताटलीतून चार अनोळखी माणसे खातात. ही क्षुल्लक सुधारणा नव्हे. पैशाने माणसे बाहेर राहतात हे खरे. तरी जन्माने राहण्यापेक्षा ते बरे.

राहता राहिले पाणी. ब्रह्मगिरीवर उगम पावणारी गोदावरी अडविणारे पहिले मोठे धरण गंगापूरचे; ते १९६५ मध्ये पूर्ण झाले. त्र्यंबकेश्वर व नाशिक ह्यांच्या दरम्यान पसरलेल्या त्याच जलाशयाच्या आसपास द्राक्षमळे व वाइनच्या चवीची दालने आहेत, आणि सूर्यास्ताचे दृश्य तेथून सुंदर दिसते. वर, उगमाच्या डोंगरांत, पावसाळ्यात मुसळधार पाऊस पडतो. वैशाखात तेथील पाड्यांवरच्या स्त्रिया हंडे घेऊन दरीतल्या विहिरीपाशी पाळी धरतात. शिवपुराणातील ऋषिपत्नींचे भांडण नेमक्या अशाच जागी झाले होते. जलाशयाकाठी पेला हातात देण्यापूर्वी ती कथा गाईसह, पाणवठ्यासह, पुरती सांगण्यास वाटाड्याला पाच-सात मिनिटे लागतील.