‘अ नर्मदा डायरी’ : रोजनिशीचा रूपबंध

अनुबोधपटाने केवळ पाहावे की पक्षही घ्यावा, हा वाद जुना आहे. आनंद पटवर्धन व सिमंतिनी धुरू यांच्या ‘अ नर्मदा डायरी’ (१९९५) या अनुबोधपटासंबंधी तो विशेष तीव्रतेने उपस्थित होतो. सरदार सरोवर धरणाविरुद्ध नर्मदा बचाव आंदोलनाने दिलेला लढा हा त्याचा विषय असून दिग्दर्शकद्वयाची सहानुभूती कोणाकडे आहे, हे कोठेही लपविलेले नाही. या कृतीचे कलात्मक मोल मात्र तिच्या रूपबंधात शोधावे लागते.

इतिहासकार शेवट ठाऊक असताना लिहितो. रोजनिशी लिहिणाऱ्यास उद्याची वार्ता नसते. १९९० नंतरच्या काही वर्षांत टिपलेल्या या चित्रणातील प्रत्येक नोंद पुढील नोंदीविषयी अजाण आहे. मार्च १९९३ मध्ये भारत सरकारने जागतिक बँकेचे उर्वरित कर्ज नाकारले, तेव्हा आंदोलनास तो विजय वाटला. त्याच वर्षीच्या पावसाळ्यात अक्कलकुवा तालुक्यातील मणिबेलीत पाणी शिरले. आशा व आघात यांचे हे लागून येणे रोजनिशीतच स्वाभाविक ठरते.

योरिस इव्हेन्स यांच्या ‘रेन’ (१९२९) या काव्यात्म लघुपटात ॲम्स्टरडॅमवर पडणारा पाऊस नेत्रसुखाचा विषय होतो. मणिबेलीच्या प्रेक्षकाला ती मोकळीक नाही. येथे नदीचे सौंदर्य पाहताना तिची पातळीही पाहावी लागते. सातपुड्यातील होळीच्या दृश्यांबाबतही तेच म्हणता येईल. मोरपिसांचे टोप व कमरेचे घुंगरू यांचे आकर्षण सरकारी प्रचारपटांनाही होते. तेथे नाचणारा आदिवासी शोभेपुरता येतो. येथे तोच नर्तक गाव सोडण्यास नकार देणारा ग्रामस्थ आहे, आणि त्यामुळे त्याचा सण प्रेक्षणीय वस्तू म्हणून पाहणे अशक्य होते.

या पद्धतीस मर्यादाही आहे. समूह ठसतो, त्या मानाने व्यक्ती पुसट राहतात. लढ्याची मीमांसा बहुतांशी आंदोलनाच्या प्रवक्त्यांकडून येते. पावरी-भिली बोलणाऱ्यांचे म्हणणे बाहेरच्या प्रेक्षकापर्यंत उपशीर्षकांच्या आखूड ओळींतून पोहोचते. ज्यांचे घर बुडते त्यांच्याच बोलीला दुय्यम स्थान मिळावे, ही उणीव लहान नव्हे.

मणिबेली त्या काळी धुळे जिल्ह्यात होती. १ जुलै १९९८ रोजी नंदुरबार जिल्हा अस्तित्वात आला. ऑक्टोबर २००० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बांधकामास अनुमती दिली आणि १३८.६८ मीटर उंचीच्या धरणाचे लोकार्पण १७ सप्टेंबर २०१७ रोजी झाले. अक्कलकुवा व अक्राणी तालुक्यांतील ३३ गावांना बुडिताची झळ लागली. या घटनांनंतर पाहताना त्या अजाण नोंदींचा अर्थ पालटतो : जे लढ्याचे साधन म्हणून टिपले गेले, ते आता नंदुरबारच्या नदीकाठाचे दप्तर झाले आहे. त्याचे वाचन तेथील बोली जाणणाऱ्या अभ्यासकांनी नव्याने करणे अगत्याचे आहे.