'मित्राची गोष्ट' : सांगणारा आणि सोसणारी

विजय तेंडुलकरांचे 'मित्राची गोष्ट' हे नाटक १९८१ साली रंगभूमीवर आले. दिग्दर्शन विनय आपटे यांचे होते आणि मित्राची भूमिका रोहिणी हट्टंगडी यांनी केली. स्त्रीवर प्रेम करणारी स्त्री नायिका म्हणून मराठी प्रेक्षकांसमोर उभी करणे तेव्हा धाडसाचेच होते.

नायिका सुमित्रा देव. सारे तिला मित्रा म्हणतात. तिची कहाणी सांगतो तिचा मित्र बापू. त्यामुळे नाटकाच्या नावाचे दोन अर्थ होतात : मित्रा नावाच्या मुलीची गोष्ट आणि मित्र असलेल्या बापूची गोष्ट. माझ्या मते नाटकाचे बळ आणि उणीव दोन्ही या नावात आहेत.

कॉलेजच्या नाटकात मित्रा पुरुषाची भूमिका करते, समोर नायिका नमा. नाटकाचा पडदा पडतो, पण मित्राचे प्रेम तिथून सुरू होते. बालगंधर्वांच्या स्त्रीभूमिकांवर महाराष्ट्राने जीव टाकला. मुलींच्या उर्दू शाळेतल्या गॅदरिंगमध्येही मुलीच शेरवानी घालतात, काजळाने मिशा काढतात आणि आपण कौतुकाने टाळ्या वाजवतो. सोंग असते तोवर सारे गोड. मित्राच्या बाबतीत ते सोंग राहत नाही, तेव्हा हेच लोक तिचे वैरी होतात.

आम्हा उर्दूवाल्यांना हा विषय नवा नाही. रेख्तीत पुरुष शायरांनी बायकांच्या बोलीत बायकांच्या परस्परांवरील प्रेमाचे शेर लिहिले. पुढे १९४२ मध्ये इस्मत चुगताईंची 'लिहाफ' आली आणि लाहोरच्या कोर्टात खटला चालला. पण तिथेही बेगमजानची हकीकत एका लहान मुलीच्या तोंडून कळते. बेगमजान स्वतः आपले मन उघड करत नाही.

इथे रंगभूमीचे मोल कळते. निवेदन बापूचे असले तरी नटी मंचावर आली की मित्रा स्वतःच्या आवाजात बोलते. तिचा ताठपणा, तिचा हट्ट, तिची चूकही आपल्याला समोर दिसते. मित्रा काही देवी नाही. ती नमावर हक्क गाजवते. म्हणूनच ती खरी वाटते.

शेवट मात्र खटकतो. मित्रा आत्महत्या करते. अशा स्त्रीला जगवण्याची वाट तेंडुलकरांनी शोधली नाही, हा आक्षेप रास्त आहे. पण मला जास्त अस्वस्थ करतो तो बापू. तो दुष्ट नाही. तो ऐकून घेतो, मदत करतो आणि अंगाशी येऊ लागताच हळूच बाजूला होतो.

६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांचे संमतीचे समलिंगी संबंध गुन्ह्याच्या कक्षेतून काढले. कायद्याचे काम कोर्टाने केले. बापूचे काम आपल्याकडे उरले आहे. उद्या वर्गातली एखादी मुलगी रिकाम्या तासाला जवळ येऊन म्हणाली, "टीचर, एक बात कहूँ?" तर मी शेवटपर्यंत ऐकेन का? नाटक मिटून ठेवल्यावरही हा प्रश्न माझा पिच्छा सोडत नाही.